माड दिसले की हाक मारा

वसुधाकाकू आरोलकरांना फुटबॉलचा गंध नव्हता, तेव्हापासूनची ही गोष्ट. पहिला भाग त्यांनीच मला सांगितलेला. पुढचा बराचसा मी डोळ्यांनी पाहिला.

१९७१ सालची एक जानेवारी. नेब्रास्कातल्या लिंकनला येऊन त्यांना जेमतेम चार महिने झाले होते. नवरा गुरुदत्त राज्याच्या रस्ते खात्यात इंजिनियर. त्या संध्याकाळी ऑफिसातले दोघे मॅच बघायला घरी आले होते. काकू आत कांद्याची भजी तळत होत्या. कळकट जुना ब्लॅक अँड व्हाइट टीव्ही, त्यावर हेल्मेट घातलेली माणसं एकमेकांच्या अंगावर पडत होती. भज्यांची ताटली घेऊन काकू बाहेर आल्या आणि तशाच उभ्या राहिल्या. गोलच्या खांबांमागे ओळीनं माड उभे होते. वाऱ्यावर झावळ्या हलत होत्या.

"हे कुठलं हो?" त्यांनी विचारलं.

"मायामी," गुरुदत्तकाका म्हणाले. "फ्लोरिडा. समुद्राकाठी आहे."

काकू वेंगुर्ल्याच्या. वडील बंदरावर कारकून होते, आणि घराच्या मागच्या दारातून वाळूत उतरता यायचं. लग्न होऊन ज्या गावात आल्या तिथून कुठलाही समुद्र सातशे मैलांच्या आत नव्हता. सपाट शेतं, वारा आणि बर्फ. कॅमेरा खेळाडूंकडे वळला तशी काकू गुपचूप कोपऱ्यातल्या खुर्चीत बसल्या. माड परत दिसतील म्हणून तीन तास बसून राहिल्या. त्या दिवशी नेब्रास्का जिंकलं आणि पहिल्यांदाच देशात पहिलं आलं. सगळं गाव मोटारींचे भोंगे वाजवत मोठ्या रस्त्यावर उतरलं. काकूंचं मात्र एकच चाललं होतं. "परत कधी जाणार हो हे लोक तिथे?"

काकांनी मग समजावून सांगितलं. कॉलेजांच्या फुटबॉलचा हंगाम नोव्हेंबरअखेर संपतो. ज्यांनी नाव काढलं त्या टीमना नाताळ-नवीन वर्षाच्या सुमाराला एकेका मोठ्या मॅचचं बोलावणं येतं. तिला बाऊल म्हणतात. अशा बऱ्याच बाऊल आहेत, वेगवेगळ्या गावांत. आपल्या गटात पहिला नंबर आला तर ऑरेंज बाऊल, म्हणजे मायामी. नाही आला तर कुठे पाठवतील सांगता येत नाही.

एवढं कळल्यावर काकू दर शनिवारी नेब्रास्कासाठी जीव टाकायला लागल्या. सप्टेंबरपासून रेडिओ स्वयंपाकघरात. लाल टोप्या घातलेलं सगळं गाव अजिंक्यपदासाठी देव पाण्यात घालून बसायचं, काकू माडांसाठी. पुढची दोन्ही वर्षं ऑरेंज बाऊलच मिळाली, तेव्हा त्यांना वाटलं, दरवर्षी असंच असणार.

पण मग ओक्लाहोमाची टीम वर आली, आणि पाच वर्षं मायामीचं नाव नाही. डॅलसला गेले. न्यू ऑर्लिन्सला गेले. तिथे टीव्हीवर नदी दाखवली. ऍरिझोनाला गेले, तिथे वाळवंट. एका वर्षी ह्यूस्टनला, तिथलं मैदानच छपराखाली. त्याच काळात वेंगुर्ल्याहून वडील गेल्याचं पत्र आलं, ते पोहोचेपर्यंत तेरावा होऊन गेला होता. काकूंच्या हातात पत्र आणि कडेवर दोन वर्षांची दीपा. जाणार कुठे?

मी १९७९ साली सॉइल सायन्समध्ये पीएच.डी. करायला लिंकनला गेलो, तेव्हा काकू तिथल्या मराठी मंडळींत या विषयातल्या तज्ज्ञ म्हणून प्रसिद्ध होत्या. त्या एका शाळेच्या कॅफेटेरियात काम करायच्या. मुलांच्या ताटल्यांत मॅश्ड पोटॅटो वाढता वाढता त्यांनी अर्ध्या गावाशी ओळख करून घेतली होती. एकदा मी त्यांच्याबरोबर ग्रोसरी स्टोअरमध्ये होतो. रांगेत दोन म्हातारे भांडत होते, पंचाहत्तर सालची फिएस्टा बाऊल किती पॉइंटनी हरलो म्हणून. काकूंनी सामान पट्ट्यावर ठेवता ठेवता मागे वळून इंग्रजीत सांगितलं, "सेव्हन्टीन-फोर्टीन." मग पुस्तीही जोडली, एक्केचाळीस साली पहिली रोझ बाऊल हरलो, बासष्ट साली न्यूयॉर्कच्या कडाक्याच्या थंडीत रिकाम्या स्टेडियममध्ये जिंकलो. म्हाताऱ्यानं टोपीच काढली.

"काकू, हे सगळं तुम्हाला कसं ठाऊक?" मी बाहेर आल्यावर विचारलं.

"अरे, एकदा वाट बघायला लागलं ना माणूस," त्या म्हणाल्या, "की ज्याची वाट बघतो त्याचं सगळं माहीत करून घेतो."

आरोलकरांकडे मॅच बघायला आम्ही विद्यार्थी जमायचो. काकू आत काही ना काही करत असायच्या, आणि आतूनच सांगायच्या, "माड दिसले की हाक मारा रे." ऑरेंज बाऊल नसली की हे सांगणं नसायचं. त्या वर्षी काकू पदर खोचून फ्रीज साफ करायच्या.

तुम्ही म्हणाल, विमानाचं तिकीट काढून मायामीला जाता आलं नसतं का? तेच तर. काका रस्ते खात्यात. उन्हाळ्यात रस्ते बांधायचे, हिवाळ्यात झाडायचे. बर्फ पडला की नांगर लावलेले त्यांचे ट्रक निघायचे, आणि नववर्षाला तर हमखास बर्फ. थोडी रजा साठली की ती इंडियाला जाण्यात संपायची. एकदा तेही झालं, पण बेळगावला सासरी दोन लग्नं होती. वेंगुर्ल्याला चार दिवस मिळाले, त्यात दोन दिवस दीपा तापानं फणफणलेली. काका दर वर्षी म्हणायचे, "पुढच्या वेळेला गेले ना मायामीला, की आपण जायचंच." ते मनापासून म्हणायचे. ब्याऐंशीत गेले, त्र्याऐंशीत गेले. दोन्ही वेळा काका ट्रकवर.

मग १९८३चा तो हंगाम आला. तशी टीम लिंकननं कधी पाहिली नव्हती. एकामागून एक बारा मॅच जिंकल्या, एकही हरली नाही. ऑक्टोबरमध्येच सगळ्यांना कळलं होतं की ऑरेंज बाऊल नक्की. कॅफेटेरियातल्या डॉनाच्या चर्चनं बस ठरवली. प्रवास, हॉटेल आणि मॅचचं तिकीट, सगळं धरून. डॉनानं काकूंना न विचारताच त्यांचं नाव लिहून टाकलं.

त्या रविवारी मी त्यांच्याकडे जेवायला होतो. काकूंनी आमटी वाढता वाढता सांगितलं, "डॉनाच्या बसनं मी जाऊ म्हणते."

दीपा तेव्हा अकरा वर्षांची. ती म्हणाली, "आई, आर यू सीरियस? यू डोन्ट इव्हन वॉच द गेम!"

"मी समुद्र बघायला चाललेय."

"पुढच्या वर्षी मी रजा..." काका म्हणायला लागले.

"अहो, तेरा वर्षं झाली पुढच्या वर्षाला." काकूंचा आवाज चढला नव्हता. त्यामुळेच बहुतेक काकांनी घास खाली ठेवला. मग ते माझ्याकडे वळले. "चारू, तुझं काय चाललंय सुट्टीत? तू जा हिच्याबरोबर. एकटी नको."

तीस डिसेंबरला सकाळी आम्ही निघालो तेव्हा नाकातला श्वास गोठत होता. त्या वर्षीसारखी थंडी मी पुन्हा पाहिली नाही. काका सोडायला आले होते. काकूंना त्यांनी स्वतःचे जाड हातमोजे दिले. मायामीत त्यांचा काय उपयोग, हे दोघांनाही सुचलं नाही. बस सुरू झाली तरी काका तिथेच उभे होते.

बसमध्ये चाळीस लाल स्वेटर आणि एक लाल साडी. काकूंनी मुद्दाम काढली होती. लोक गाणी म्हणत होते, सँडविच वाटत होते. काकूंनी डबाभर चिवडा आणला होता, तो मिसूरी ओलांडायच्या आत संपला. वाटेत एक मुक्काम करून आम्ही एक तारखेला दुपारी मायामीला पोहोचलो. हॉटेल समुद्रापासून दूर होतं. काकू म्हणाल्या, "आज नको. थकलेय. उद्या सकाळी नीट जाऊ." मला वाटलं, इतकी वर्षं थांबलेलं माणूस असंच करत असेल.

दुसऱ्या दिवशी पहाटे आम्ही टॅक्सी करून बीचवर गेलो. काकूंनी चपला हातात घेतल्या आणि वाळूतून चालत गेल्या. पाण्याच्या कडेला थांबल्या. लाटा पायांवरून जाऊ दिल्या. मी मागे होतो. पाच मिनिटं झाली, दहा झाली. समोर पाण्यातून सूर्य वर येत होता.

मी जवळ गेलो तर त्या कावऱ्याबावऱ्या झालेल्या.

"चारू, हा उलटा आहे रे."

"काय उलटं?"

"सूर्य. आमच्याकडे समुद्रात बुडतो. हा इथून वर येतोय." मग जराशानं, मला नाही, स्वतःलाच सांगावं तसं म्हणाल्या, "ह्यो आमचो दर्या न्हय."

मागे फिरलो तर रस्त्याकडेला माड होते. हात पुरेल इतक्या जवळ. काकूंनी एकाच्या खोडावर तळवा ठेवला आणि वर पाहिलं. एकही नारळ नव्हता. झाडू मारणाऱ्या माणसाला मी विचारलं, तर तो म्हणाला, लोकांच्या डोक्यात पडू नयेत म्हणून आधीच काढून टाकतो. काकू हसल्या. पण परतीच्या टॅक्सीत त्या खिडकीबाहेरच बघत होत्या.

संध्याकाळी मॅच होती. काकू म्हणाल्या, "तुम्ही जा, मी पडते जरा." डॉना ऐकेना. तिनं त्यांना ओढतच नेलं.

सुरुवातच वाईट झाली. मायामीच्या टीमनं बघता बघता सतरा पॉइंट केले, आपले शून्य. आजूबाजूचे चेहरे पडले. मग आपण सतरा केले, मग त्यांनी पुन्हा एकतीसपर्यंत नेलं. काकू आधी नुसत्या बसल्या होत्या. चौथ्या क्वार्टरला मी पाहिलं तर त्या उभ्या होत्या, डॉनाचा दंड धरून. खांबांमागे प्रकाशात तेच ते माड होते. त्या तिकडे बघतही नव्हत्या.

शेवटचं मिनिटही पुरतं उरलं नव्हतं आणि आपण एकतीस-तीसवर आलो. आता एक साधी किक मारली की एक पॉइंट, म्हणजे बरोबरी. बरोबरी झाली तरी न हरलेली टीम म्हणून देशात पहिला नंबर आपलाच, असं सगळेच धरून चालले होते. पण दुसराही मार्ग असतो: किक न मारता बॉल हातानं रेषेपलीकडे न्यायचा. जमलं तर दोन पॉइंट आणि चोख विजय. नाही जमलं तर काहीच नाही.

कोचनं दोनाचा मार्ग घेतला.

"किक का नाही मारत?" काकूंनी माझं मनगट घट्ट धरलं. "एक पुरे ना? सांग ना त्यांना, एक पुरे!"

बॉल हवेत गेला, समोरच्या एका खेळाडूच्या बोटांना लागला आणि गवतावर पडला. संपलं. एकतीस-तीस.

आमच्या भागात एक धिप्पाड माणूस टोपी तोंडावर धरून बसला. काकू रडत होत्या. पदरानं डोळे पुसत नव्हत्या, काही नाही, नुसत्या रडत होत्या. डॉना त्यांच्या खांद्यावर डोकं ठेवून रडत होती.

दुसऱ्या दिवशी बस निघायच्या आधी त्यांनी हॉटेलच्या लॉबीतून घरी फोन केला. मी शेजारी नाणी घेऊन उभा होतो. काकांचा आवाज मलाही ऐकू येत होता. ते म्हणाले, "पाहिलास गं समुद्र? कसा होता?"

"अहो," काकू म्हणाल्या, "आपण हरलो."

मग काका म्हणाले, "हो ना. ट्रकमध्ये रेडिओवर ऐकलं. मी गाडी बाजूला घेऊन थांबलो होतो."

ते दोघं त्या मॅचवर बोलत राहिले. कोण घसरलं, कोणी पकडायला हवं होतं. माझ्याकडची नाणी संपली तेव्हा फोन कट झाला. समुद्राचं बोलायचं राहूनच गेलं.

माझी पीएच.डी. झाली आणि मी शिकागोजवळ नेपरव्हिलला नोकरीला लागलो. काकू पत्रं लिहायच्या. शहाऐंशीच्या हिवाळ्यात काकांनी पहिल्यांदाच डिसेंबरात लांब रजा घेतली आणि तिघं वेंगुर्ल्याला गेले. पुढे तिथेच राहायचं मनात होतं. किनाऱ्याजवळ एक जागा बघून ठेवली होती, मालकाशी बोलणंही झालं होतं.

दोन जानेवारीला सकाळी साडेसहाला माझा फोन वाजला. बाहेर बर्फ पडत होता. ऑपरेटर, मग बरीच खरखर, मग एकदम काकूंचा आवाज, ओरडून बोलत असल्यासारखा. तिकडे संध्याकाळ होती. पोस्टात ट्रंक कॉल लावून त्या चार तास बसल्या होत्या.

"काकू? सगळं ठीक आहे ना? काका?"

"सगळे ठीक आहेत रे. शुगर बाऊलचं काय झालं? इथे कोणालाच काही माहीत नाही!"

"जिंकलो काकू! तीस-पंधरा!"

"जिंकलो!" त्या पोस्टातच कोणाला तरी सांगत होत्या. काका असणार. मग मला म्हणाल्या, "दाखवलं का रे टीव्हीवर गाव? लोक आले होते का रस्त्यावर? आणि बर्फ किती पडलाय तिकडे?"

मी सांगायला लागलो. बर्फ किती इंच, थंडी किती. त्या मध्ये मध्ये "हं, हं" करत होत्या. काकूंच्या मागे कुणीतरी सायकलची घंटी वाजवत होतं. माझं बोलणं पुरं व्हायच्या आत लाइन तुटली. मी बराच वेळ रिसीव्हर कानाला धरून उभा होतो.

त्या जागेचा व्यवहार झाला नाही. नाही म्हणूनही सांगितलं नाही. मालकाला "कळवतो" म्हणून तिघं परत आले. त्याला पाच वर्षं होऊन गेली. गेल्या महिन्यात मी लिंकनला गेलो होतो, तेव्हा काकांनी त्या जागेचा नकाशा मला दाखवला. काकू शेजारी उभ्या राहून बोटानं दाखवत होत्या, इथे विहीर, इथे मागचं दार. "बघू," त्या म्हणाल्या, "दीपाचं कॉलेज होऊ दे." आणि नकाशाची घडी घालून त्यांनी तो ड्रॉवरमध्ये ठेवला.