चाकणच्या भुताच्या तीन हाका

नाटकाच्या ग्रुपमध्ये नाटकं कमी होतात आणि किस्से जास्त! नाटक चार-दोन प्रयोगांत संपतं, सेट भंगारात जातो, खोट्या मिशा हरवतात. किस्से मात्र कुठे जात नाहीत. आमचा ग्रुप चाकणच्या एका कंपनीतला. आता शिफ्ट वेगळ्या झाल्यात, काहीजण नोकरी सोडून गावी गेलेत. तरी टपरीवर दोघं-तिघं भेटलो की कुणीतरी म्हणतंच, "ते भुताचं आठवतंय का रे?"

झालं! आणखी एकेक चहा सांगावाच लागतो.

*

भुताचं म्हणजे स्टोअरच्या मोहिते साहेबांनी बसवलेलं नाटक. शाळेत असताना वाचलेली एक जुनी भयकथा साहेबांच्या डोक्यातून कधी गेलीच नव्हती. गोष्ट साधीच. गावाबाहेरच्या घरात एक मास्तर एकटा राहतो. बायको वारलेली. ती रोज दिवेलागणीला दाराबाहेर येते आणि त्याला तीन हाका मारते. ज्या दिवशी तो ओ देईल त्या दिवशी तो संपला!

साहेबांनी ती आम्हाला जेवणाच्या सुट्टीत कँटीनमध्ये वाचून दाखवली. आवाज खाली, डोळे मोठे. वाचून संपली तरी कुणी घास उचलेना. साहेब खूश.

"काय, टरकलात ना?"

पेंटशॉपमधला एक बीडचा गडी डबा झाकत म्हणाला, "टरकायचं कशाला साहेब? बायको हाक मारायली की! मला रूमवर कोण मारतंय?"

*

संगीत नानांकडे. नाना निघोज्याचे. जमीन कंपन्यांत गेली, मग नानाही कंपनीत लागले. संध्याकाळी गावच्या भजनात पेटी वाजवायचे.

साहेबांनी बजावून सांगितलं, "नाना, अंगावर काटा आला पाहिजे!"

नानांनी भाता ओढला आणि हळूहळू एक चाल धरली. ऐकतोय तर जात्यावरच्या ओवीसारखं काहीतरी! ऐकता ऐकता मला आमच्या साताऱ्याकडचं घर दिसायला लागलं. पहाट, आईची बांगडी, पिठाचा वास.

"अहो नाना, भूत येतंय, भूत!" साहेब ओरडले.

"व्हय. पर कुनाचं? त्याच्या घरचंच हाय न्हवं? मग परकं आल्यावानी कसं वाजवू?"

साहेबांनी चिडून मोबाइलवरचं धडाड-धुडूम लावून बघितलं. मी मेंटेनन्सचा माणूस. मला म्हणाले, "आता कसं वाटतंय?"

म्हटलं, "गिअरबॉक्स गेल्यासारखं!"

शेवटी नानांचीच चाल ठेवली.

*

भूत झाल्या होत्या सुनंदाताई. असेंब्ली लाइनवर होत्या, गाव परभणीकडे. नवरा गावी शेती बघायचा, लहान मुलगी सासूजवळ. इथे ताई भोसरीत चारजणींबरोबर एक खोली करून राहायच्या. आवाज असा की या बांधावरून पलीकडच्या बांधाला ऐकू जावा!

आता जुन्या वळणाची बायको नवऱ्याचं नाव कशी घेणार? म्हणून हाक ठरली, "अहो, ऐकलंत का?"

तालीम सांगवीत, एका सोसायटीच्या हॉलमध्ये. संध्याकाळची वेळ, खिडक्या उघड्या. ताईंनी पहिली हाक मारली. दुसरी मारली. तिसरी मारताना तर त्यांनी जीवच ओतला.

समोरच्या बिल्डिंगमधून एक पुरुष खेकसला, "आलो गं, आलो!"

आणि त्याच घरातून लगेच बाईचा आवाज, "अहो, मी कुठे बोलावलंय?"

*

मग कामगारांची नाट्यस्पर्धा. मास्तर मी होतो. तिसऱ्या हाकेला मी कानांवर हात ठेवून गप्प बसायचं, दिवे हळूहळू मंद होणार आणि प्रेक्षकांची बोबडी वळणार, असा साहेबांचा प्लॅन.

ताईंनी तिसरी हाक मारली. मी कान झाकले. दिवे उतरायला लागले. तेवढ्यात मागच्या रांगेतून एका म्हाताऱ्याचा आवाज आला, कातावलेला.

"अरे, ओ दे की तिला! किती येळ दारात उभी करतोस?"

अख्ख्या थिएटरनं टाळ्या वाजवल्या. खरं सांगतो, माझ्याही तोंडापर्यंत ओ आली होती. दात आवळून धरले, म्हणून नाटक वाचलं.

परीक्षक म्हणाले, "भयनाट्याला लोक डोळे पुसताना आम्ही पहिल्यांदाच बघितले." आम्हाला नंबर मिळाला नाही. नानांना तेवढं संगीताचं उत्तेजनार्थ मिळालं.

नानांनी हळूच मला विचारलं, "उत्तेजनार्थ म्हंजे? अजून वाजवायचं का?"

*

ते नाटक बघायला ताथवड्याच्या इंजिनिअरिंग कॉलेजची काही पोरं आली होती. त्यांना यावर शॉर्ट फिल्म करायची होती. त्यांचा डायरेक्टर एकदम उत्साही.

"सर, दारातली हाक आता रिलेट होत नाही. आपण तीन मिस्ड कॉल दाखवू. मेलेल्या बायकोच्या नंबरवरून!"

सुनंदाताई म्हणाल्या, "मिस्ड कॉलला कोण भितं बाळा? आमच्या घरून रोज येतात. लाइनवर मोबाइल नेऊ देत नाहीत ना."

मिस्ड कॉल कॅन्सल, हाक कायम!

मग लोकेशन शोधायला निघालो. पाहिजे काय, तर माळावरचं एकटं घर. जिथे कॅमेरा लावावा तिथे मागे कंटेनर, नाहीतर खोल्या भाड्याने देण्याचा बोर्ड. एकदा फ्रेम छान जमली, तर मागून स्टाफची बस आली आणि हॉर्न मारून गेली.

शेवटी नाना म्हणाले, "एकटं घर पायजे व्हय? मंग तुमी लय उशिरा आलात."

फिल्म नानांच्याच घराच्या मागच्या खोलीत झाली. पोरांनी ती नेटवर टाकली. खाली कुणीतरी लिहिलं होतं, "घाबरलो नाही, पण आईला फोन लावला." साहेबांनी ते वाचून मोबाइल किती वेळ हातात धरून ठेवला! एवढी वर्षं ते लोकांना घाबरवायला बघत होते आणि लोक त्यांना असलं काहीतरी सांगत होते.

*

आता शेवटचा किस्सा. हा आम्ही सुनंदाताईंसमोर सांगत नाही.

फिल्म ताईंच्या गावात पोचली आणि तिकडच्या जत्रेसाठी आमच्या नाटकाला बोलावणं आलं. टेम्पोत सेट टाकून आम्ही गेलो. देवळासमोर स्टेज, समोर सतरंज्या, सगळं गाव गोळा झालेलं. ताईंचा नवरा खांबाला टेकून उभा. सासूबाई पहिल्या रांगेत, मांडीवर ताईंची पोरगी, चिमी. शाळेत दुसरीला होती.

तोंडाला पांढरा रंग, मोकळे केस, अशा ताई दाराशी आल्या आणि त्यांनी हाक मारली. पोरं किंचाळली! बाया एकमेकींना बिलगल्या. आमचं नाटक पहिल्यांदाच भीतीदायक झालं होतं. विंगेत साहेबांनी मूठ आवळली, "जमलं रे, जमलं!"

नाटक संपल्यावर गावची पोरं भूत बघायला स्टेजमागे आली. ताई तशाच रंगवलेल्या तोंडानं वळल्या, तशी सगळी पळत सुटली. चिमी मात्र तिथेच उभी.

ताई खाली बसल्या. "तू नाही गं भ्यालीस?"

चिमीनं मान हलवली. आईच्या गालाला बोट लावून पांढरा रंग बघितला. जरा विचार केला आणि म्हणाली, "आई, मेल्यावर रोज संध्याकाळी घरी येता येतं का?"