उभा न राहणारा सील

"खालून भोक पाड, सळी घाल आणि ठोकळ्यावर बसव. खलास." फोरमननी हातरुमालात गुंडाळलेली वस्तू माझ्या बेंचवर ठेवली आणि ते गेले.

पन्नासच्या दशकाच्या अखेरीस मी कतारमधल्या दुखानच्या तेलाच्या कॅम्पात सुतार होतो. गाव रत्नागिरीकडचं. रुमालात बोटाएवढा सील निघाला. सील म्हणजे बर्फाळ समुद्रात राहणारा, पण हवेसाठी वर येणारा प्राणी. वॉलरस या तिकडच्याच मोठ्या समुद्री प्राण्याच्या सुळ्यात कोरलेला, हस्तिदंतासारखा गुळगुळीत. तो होता डेव्हिडसाहेबांचा. हे कॅनडाचे इंजिनिअर. तिकडे उत्तरेला नोकरीत असताना एका म्हाताऱ्या बाईनं तो स्वतः कोरून त्यांना दिला होता. त्या लोकांना आम्ही एस्किमो म्हणायचो. ते स्वतःला इनुइट म्हणतात, हे मला फार उशिरा कळलं. कॅम्पच्या क्लबात साहेबलोकांकडच्या वस्तूंचं प्रदर्शन होतं, म्हणून स्टँड हवा होता.

मी सील बेंचवर ठेवला, तो कलंडला. दुसऱ्या अंगावर ठेवला, तरी कलंडला. सपाट बूड नव्हतंच. शिवाय पोटाखाली केसासारखी चीर होती. ड्रिल लावला की दोन तुकडे. मी तडक साहेबांच्या बंगल्यावर गेलो.

"सर, भोक पाडलं तर हा फुटेल. याला बूड का नाही?"

साहेबांनी सील हातात घेतला. "ती म्हणाली होती, हा हातात धरायचा. तिचे लोक फिरते. मांडून ठेवायला टेबल कुठलं?"

"मग स्टँड कशाला, सर?"

त्यांनी सील परत माझ्या हातात दिला. "नको. फोरमनला मी सांगतो."

मी सागाची उथळ वाटी केली, आत मऊ कापड लावलं. प्रदर्शनात साहेबांनी सगळ्यांना सील उचलून बघू दिला. क्लबचा वॉचमन अबू राशिद दारातच उभा होता. मोत्यांसाठी बुड्या मारण्यात त्याची जवानी गेली होती. मीच त्याला आत बोलावलं. त्यानं सील तळहातावर घेतला, पाठीवरून अंगठा फिरवला.

"हा खालून वर येतोय," तो म्हणाला. "मान बघ. दम संपत आलाय याचा."

सील त्यानं जन्मात पाहिला नव्हता. त्याचं बोलणं मी साहेबांना इंग्रजीत सांगितलं. त्यांनी अबू राशिदला खुर्ची दिली. प्रदर्शन संपेपर्यंत सील त्याच्याच मुठीत होता. ती मूठ मला अजून दिसते.

त्यानंतर ड्रिल उचलण्याआधी मी वस्तूच्या मालकाला एकदा विचारून घ्यायचो. फोरमनना ही सवय कधीच आवडली नाही.