पिक्चरमधला नवरा

संस्थानं एकामागून एक देशात विलीन होत होती. त्या वर्षांत फ्रान्सचा एक माणूस सह्या करणाऱ्या राजेलोकांची फिल्म काढत हिंडत होता. बुऱ्हाणपुरात कुणी राजा नव्हता. तो इथं उतरला तो पोट बिघडलं म्हणून. माझे दीर शाळेत मास्तर, त्यांना इंग्रजी येई, म्हणून स्टेशनवरच्या बाबूंनी त्याला बुधवारा पेठेत आमच्या घरी पाठवलं. ताकभात खाऊन तो बरा झाला, आणि गेलाच नाही.

दिरांना तो म्हणाला, राजे सगळे सारखेच बसतात. मी ज्वारी निवडायला बसले की तो समोरच्या ओट्यावर बसून काहीतरी लिही. शेवटी त्यानं दिरांकरवी गोष्ट ऐकवली. बाई दारात ज्वारी निवडते आहे. नवरा वारल्याची खबर येते. ती कुंकू पुसते आणि पुन्हा ज्वारी निवडू लागते. उरलेल्या रिळावर त्याला एवढंच काढायचं होतं. बाई मी.

मी चौथी शिकलेली, परक्या माणसापुढं तोंड न उघडणारी. पण मला ते करायचं होतं. त्या विचारात मी सकाळचं दूध उतू जाऊ दिलं.

सासूबाईंनी गोष्ट ऐकली. "अव माय! पोरगा माझा जिता आत चहा पितोय, अन् ही कुंकू पुसणार?"

"आई, खोटं खोटं असतं ते," दीर म्हणाले.

"मग तुझ्या बायकोला पुसायला लाव."

दिरांचं लग्न व्हायचं होतं.

आतून हे म्हणाले, "मला मरायला हरकत नाही. पिक्चरमधेच ना?"

"तू चहा पी."

साहेबानं विचारलं, काय झालं. दिरांनी सांगितलं. तो उठला आणि कॅमेरा पेटीत ठेवू लागला. दीर आम्हाला म्हणाले, "कुणी मेल्याशिवाय गोष्ट उभी राहत नाही, असं साहेब म्हणतात. उद्याच्या गाडीनं निघतील."

मी दाराआड होते. पेट्या एकदा टांग्यात चढल्या की पुन्हा मला भाकरीशिवाय कुणी काही मागणार नव्हतं, हे मला कळत होतं. मी तिथूनच म्हणाले, "मेला नाही म्हणा. नदीपलीकडं जैनाबादला गेलाय, यायचाय."

सगळे दाराकडे बघू लागले. सासूबाईंनी विचार केला. "तापीला पूर आलाय म्हणा. नाव बंद आहे. म्हणजे मेला असं नाही."

दिरांनी ते त्याला सांगितलं. तो पेटी उघडी ठेवून खाली बसला. मग त्यानं विचारलं, "आणि बाई काय करते?"

"ज्वारी निवडते," मी म्हणाले. "आणखी काय करणार?"

सकाळी सासूबाईंनी स्वतः माझ्या कपाळावर कुंकू लावलं. फ्रान्सपर्यंत दिसेल एवढं मोठं लावलं. मी कॅमेऱ्याकडे एकदाही पाहिलं नाही याचं साहेबाला फार कौतुक वाटलं. मला लाज वाटत होती.

पुढं तो मोठा झाला. स्वतःच गोष्टी लिहायचा, स्वतःच फिल्म काढायचा. एक घर, दोन-तीन माणसं, फारसं काही घडत नाही. त्याच्या पिक्चरमधे कुणी मरत नाही. कुणी बाजारात गेलेलं असतं, कुणाची गाडी चुकलेली असते. तिकडचे विद्वान यात त्याचं तत्त्वज्ञान आहे असं लिहीत. दीर ते कुठूनतरी मिळवून जेवताना सांगत.

"अजून कुणाला मारलं नाही ना त्यानं?" सासूबाई विचारायच्या.

"नाही, आई."

"बरं. वाढ गं त्याला भात."

सासूबाई गेल्यावर बऱ्याच वर्षांनी इंदूरला त्याची ती पहिली फिल्म दाखवणार होते. दीर आम्हा दोघांना घेऊन गेले. पडद्यावर मी तरुण होते आणि ज्वारीत खडे फार होते. संध्याकाळ झाली, फिल्म संपली, दिवे लागले. लोक उठले.

हे बसूनच राहिले. "मग तो येतो की नाही?"

"ते बघणाऱ्यावर सोडलंय, दादा," दीर म्हणाले.

"बघणाऱ्यावर? बायको दारात बसलीय, अन् हे बघणारे घरी चालले!"

"येतो तो," मी म्हणाले.

"कशावरून?"

"गोष्ट माझी आहे."

ह्यांनी माझ्याकडे पाहिलं. "मग ठीक," म्हणाले, आणि खुर्चीखाली चप्पल शोधू लागले.