कुरड्या आणि मुका सिनेमा

यंदा कूलर मीच बसवला. बायको म्हणत होती, मिस्त्री बोलवा. पण पाण्याची नळी जोडायला मिस्त्री कशाला, असं माझं मत होतं आणि अजूनही आहे. दुपारी नळी सुटली. बाहेर धूळ फार म्हणून तिने वर्षभराच्या कुरड्या कूलरखालीच बाजेवर वाळत घातल्या होत्या. त्यांचा पुन्हा चीक झाला.

तेव्हापासून अबोला. घरात आम्ही दोघंच, त्यामुळे निरोप द्यायलाही तिसरं माणूस नाही. ती कुकरला सांगायची, "भात झाला, ज्याले जेवायचं त्यानं जेवावं." मी मुकाट्याने कुकर उघडून जेवायचो. खरं सांगायचं तर घर खायला उठलं होतं. तिची कटकट मला इतकी लागते, हे मला माहीत नव्हतं.

घरात कोणी बोलत नसताना टीव्हीवरच्यांनी घसा फोडावा, हे मला पटेना. म्हणून एका संध्याकाळी मी जुने मुके सिनेमे लावले, संसाराच्या गमतीजमतीचे, छोटे छोटे. एकात एक टोपीवाला गृहस्थ स्वतःच नळ दुरुस्त करायला बसला. मी मुद्दाम निवडला नव्हता. पाण्याचा फवारा उडाला, त्याने त्यावर टोपी दाबली, टोपी छताला गेली. त्याची बायको आली आणि तोंडाचा पट्टा सुरू झाला. आवाज अर्थातच नाही.

आमची बायको लसूण सोलत होती. मान वर न करता तिने त्या बाईला आपला आवाज दिला, "मिस्त्री काहून नाही बोलावला? हात तुटले होते फोन करायले?"

पडद्यावरचा नवरा हातवारे करू लागला. त्याला आवाज देणं मला भाग होतं. "नळीच खराब होती वं. त्यात माणूस काय करन?"

"अन् माझ्या कुरड्या?"

त्या बाईच्या घरात कुरड्या नव्हत्या, पण मी हरकत घेतली नाही.

बाई मटकन खुर्चीत बसून डोळे पुसू लागली. बायकोचे हात थांबले. "एकदा चुकलं म्हणायले काय जाते याचं?"

मी त्या गृहस्थाकडे बघितलं. तो खाली पडलेली टोपी पिळत नुसता उभा होता. त्याच्या भरवशावर राहण्यात अर्थ नव्हता.

"चुकलं वं माझं," मी म्हणालो.

"तुम्हाले कोण म्हणून राहिलं? मी त्याले म्हणून राहिली," ती म्हणाली, चक्क माझ्याकडे बघून. ते 'तुम्हाले' ऐकून मला फार बरं वाटलं.

तिने लसणाचं ताट माझ्याकडे सरकवलं. "सोला. अन् कूलरले हात लावू नका."