मामांचं बाहेर जाणं

देहातून बाहेर पडायला माणसाला मरावं लागतं, हा समज आमच्या मामांनी एकट्याच्या बळावर खोडून काढला होता. पन्नास सालानंतर वैनगंगेकाठच्या त्यांच्या गावी मास्तरकी करत मी दोन वर्षं त्यांच्याकडे राहिलो. गावात मोटार येत नसे, पण मामा दुपारी जेवून चांद्याला, म्हणजे आताच्या चंद्रपूरला, जात आणि चहापर्यंत परत येत. देह तेवढा खाटेवर राही. खाटेला लागूनच वाळल्या मोहफुलांनी भरलेली बांबूची ढोली होती. मामांनी जन्मात दारूला बोट लावलं नव्हतं, पण ढोली काठोकाठ भरली की त्यांचे प्रवास फार लांबचे होत, एवढं सांगून ठेवतो.

निघण्याआधी ते धोतर बदलत, कारण बाहेर चार लोक भेटतात. तोंडावर पांघरूण घेत नसत, नाहीतर परतल्यावर आत्मा आपल्याला ओळखणार कसा? वाट चुकू नये म्हणून पायाच्या अंगठ्याला पळसाच्या वाखाची दोरी बांधून तिचं दुसरं टोक अंगणात सोडत. एकदा मामीने घाईत त्या दोरीलाच वासरू बांधलं. गाय हंबरली, वासरू उधळलं आणि मामा खाटेवरून थेट गोठ्यात पोचले. धूळ झटकत शांतपणे म्हणाले, "ब्रह्मपुरीपावतर गेलतो. एका झटक्यात वापस आलो."

मामीचा या फिरण्यावर काडीचा विश्वास नव्हता. "एवढे चांद्याले गेलते, तं मीठ आणाचं होतं," ती म्हणे. "हात इथीच राह्यले ना," मामा म्हणत. शेजाऱ्याचा बैल हरवला तेव्हा मामा डोळे मिटून पाहून आले आणि नदीकाठची जांभळीची जागा सांगितली. तिथे बैल होता, पण पाटलाचा. "बैल पाहाले सांगतलं होतं. कोणाचा, ते मी काऊन पाहू?" असं म्हणून त्यांनी शेजाऱ्यालाच गप्प केलं.

पुढे श्रावणात वैनगंगेला पूर आला. लेक नदीपलीकडे दिलेली, पहिलटकरीण, दिवस भरलेले. पाय सुजल्याचा निरोप आला आणि त्याच दिवशी डोंगे बंद झाले. मामीने दोन दिवस पोटात घास घातला नाही. तिसऱ्या दुपारी तिने स्वतःच खाट झटकली, स्वच्छ धोतर आणून ठेवलं आणि म्हणाली, "अवो, एकडाव जाऊन या. पोरीले पाहून या." त्या घरात मामांची थट्टा कोणी केली नाही अशी ती पहिलीच वेळ. मामा आडवे झाले. मामी पायथ्याशी बसून होती. बऱ्याच वेळाने ते उठले आणि म्हणाले, "बेस आहे. दोघंबी बेस आहेत. तू जेव आता." मामी जेवली.

पूर ओसरल्यावर खरंच नातू झाल्याचा निरोप आला आणि मामीने तो सगळा मान नवऱ्याला दिला. गावभर सांगत सुटली. मामा मात्र तो विषय निघाला की उठून गोठ्यात जात. एकदा शाळेच्या वाटेवर मला म्हणाले, "त्या दिवशी मी कुठीच गेलो नाई गा. ती पायाजवळ रडून राह्यली होती. जीव हललाच नाई." त्या थापेबद्दल मला त्यांची जेवढी माया वाटली, तेवढी त्यांच्या एकाही प्रवासाबद्दल कधी वाटली नव्हती. त्यानंतर मामी हौसेने त्यांना इकडे तिकडे जाऊन यायला सांगे, आणि मामा काहीतरी निमित्त काढून घरीच राहत.