परसातली चवळीची ओळ

गेल्या महिन्यापर्यंत माझ्या बायकोची खात्री होती, की चार वर्षांपूर्वी आमच्या गरोदर लेकीच्या पोटात विष गेलं ते तिच्याच हातून. तसं तिला वाटू दिलं ते मी. मी मुळात कमी बोलणारा माणूस, आणि गावात त्याचं कौतुकच होतं. त्या कौतुकाआड माझं बरंच झाकून गेलं.

आमचं गाव तिसगाव आणि शेवगावच्या मधलं. शेतात कपाशी, घरामागे दोनेक गुंठ्यांचं परस. कपाशी माझी, परस तिचं. बचत गटाच्या बायकांबरोबर ती एकदा परसबागेचं शिकून आली आणि तेव्हापासून तिथं औषधाचा थेंब पडू दिला नाही. टोमॅटोच्या दोन झाडांमध्ये एक झेंडू, कोबीच्या वाफ्याला कांद्यालसणाची किनार, वांग्याच्या कडेनं कोथिंबीर फुलावर सोडलेली, आणि सगळ्याच्या भोवती चवळीची एक ओळ. शेजारी कोण हवं, कोण नको, हे ती सोयरीक जुळवावी तसं ठरवायची. फवारणीचा पंप मी परसातून नेला तरी चालायचं नाही. मी लांबून वळसा घालून गोठ्याकडे जायचो.

त्या साली लेक पहिल्या बाळंतपणाला आली. सातवा संपत आला होता. बायको म्हणायची, बाजारची भाजी काय काय पिऊन येते कुणाला ठाव, माझ्या पोरीला परसातलंच घालीन.

भाद्रपद लागला. पाऊस दडून बसला, ढग नुसते येऊन जायचे, आणि चवळीवर मावा पडला. साधासुधा नाही. शेंडे काळे झाले, पानं चिकट झाली, मुंग्यांच्या रांगा लागल्या. कपाशीत असं दिसलं की आमच्याकडच्या माणसाला चैन पडत नाही. मी बायकोला म्हणालो, काहीतरी कर. ती हसली.

"ते माव्याचं ताट हाय. तिथं पोट भरलं, की वांग्याकडं कशाला जाईल त्यो? आन् ह्ये बघा, जेवायला बसल्यात."

तिनं पान उलटं करून दाखवलं. लाल पाठीवर काळे ठिपके असलेले ढालकिडे मावा खात होते. मला ते दिसले, पटले नाहीत. त्याच आठवड्यात चुलतभाऊ दारात येऊन गेला. म्हणाला, वहिनीच्या बागेत जत्रा भरलीय म्हणायची, पाळणे तेवढे राहिलेत. व्याही यायचे होते लेकीला बघायला. मला लाज वाटली.

दुसऱ्या दिवशी सकाळी कपाशी फवारून आलो. पंपात थोडं औषध उरलं होतं. बायको लेकीला घेऊन तपासणीला गेलेली. घरात कुणी नव्हतं. मी फक्त चवळीची ओळ मारली. मनाशी म्हटलं, माव्यानं बरबटलेली चवळी कोण खातंय? वांगी, टोमॅटोला हात लावला नाही, याचं मला तेव्हा समाधानही वाटलं.

दुसऱ्या सकाळी ओळीखाली ढालकिडे उताणे पडले होते. काहींचे पाय अजून हलत होते. मी पायानं माती सारली त्यांच्यावर. परसात त्या दिवशी एक माशी गुणगुणत नव्हती. कोंबड्या तिथं उकरत असायच्या. त्यातली एक दुपारी भिंतीला मान टाकून बसली आणि संध्याकाळच्या आत मेली. बायको म्हणाली, रोग आला वाटतं. मी म्हणालो, असेल.

चौथ्या दिवशी मी शेतावरून जेवायला आलो तर लेक आधीच बसलेली. भाकरी आणि पातळ पालेभाजी. मी विचारलं, कसली?

"चवळीच्या कोवळ्या पानांची," बायको म्हणाली. "बघितलं का, समदा मावा खाऊन साफ केला त्यांनी. पानं कशी आरशासारखी झाल्यात. म्हनलं न्हवतं मी?"

तिच्या तोंडावर असा आनंद होता, की मी उभाच राहिलो. लेक दुसऱ्यांदा भाजी वाढून घेत होती. म्हणाली, पप्पा, बसा की. मी मनात हिशेब मांडला: चार दिवस झाले, दोनदा धुतली असेल, शिजली आहे. ताट ओढलं आणि म्हणालो, मला पिठलं असेल तर दे, पोट जड वाटतंय.

मी भाजी घेतली नाही. आणि लेकीला घेऊ नकोस म्हणालो नाही. लिहायचं होतं ते हेच. बाकीचं कुणाच्याही हातून घडलं असतं.

तासाभरात तिला उलट्या सुरू झाल्या. तोंडातून लाळ गळत होती, अंग घामानं भिजलेलं. गाडी करून शेवगावला एका खाजगी दवाखान्यात नेलं. डॉक्टरांनी बॅटरीनं तिचे डोळे बघितले आणि विचारलं, घरात फवारणीचं काही झालंय का? आमच्या भागात हा प्रश्न ते रोज विचारत असणार.

"आमच्या परसात थेंबबी नसतो, साहेब," बायको म्हणाली. "ह्यांना इचारा."

डॉक्टरांनी माझ्याकडे बघितलं. मीही नाही म्हणून मान हलवली. सलाईन लावलं, ते आत गेले, आणि मी बाकावर बसून राहिलो. किती वेळ, ते मला अजून सांगता येत नाही. नर्स पोटाला यंत्र लावून बाळाचे ठोके ऐकत होती. एकदा तिनं यंत्र उचललं, दुसरीकडे लावलं, तिथून उचललं, पुन्हा लावलं. तिचा चेहरा मला दिसला. तेव्हा उठलो, डॉक्टरांना एकट्याला गाठलं आणि औषधाचं नाव सांगितलं.

"हे आधी बोलायला काय झालं होतं?" एवढंच म्हणून ते धावले. मागाहून म्हणाले, घरच्यांना सांगायचं काम तुमचं, मी मधे पडणार नाही.

लेक वाचली. बाळही वाचलं. दिवस भरून नात झाली, धडधाकट. पण परत आल्यावर बायको चुलीपुढं बसून मला म्हणाली, "पानांत एखादं इषारी तण आलं आसंल का हो? माझ्या नजरंला दिसलं न्हाई आसंल का?"

मी म्हणालो, "असेल."

दोन दिवसांत तिनं सगळं परस उपटलं. कोवळ्या टोमॅटोंसकट, फुलं असलेल्या झेंडूंसकट. तेव्हापासून घरात पालेभाजी क्वचितच शिजली. मेथीची जुडी आली तरी ती माझ्यापुढं धरायची: नीट बघा, माझी नजर गेलीय. चाळिशीतली बाई, सुईत दोरा पहिल्या झटक्यात ओवणारी. बचत गटात जाणं सोडलं. लग्नाकार्यात स्वयंपाकाला कुणी बोलावलं, तर आपणहून भांड्यांना बसायची. मी हे चार वर्षं बघितलं.

गेल्या महिन्यात लेकीचा फोन आला, पुन्हा दिवस गेलेत म्हणून. सासूबाईंच्या हातून होणार नाही, या खेपेलाही तिकडेच येते. बायकोनं तिला सांगितलं, येऊ नको. माझ्या हातचं खाऊन मागं काय झालं, इसरलीस का. फोन ठेवून ती पाठमोरी झाली, आणि तिच्या खांद्यांकडे बघता बघता मी सगळं सांगितलं. पंप, ढालकिडे, पिठलं, दोनदा म्हटलेलं ‘असेल’.

ती ओरडेल असं वाटलं होतं. तिनं एकच विचारलं.

"तुमी ती भाजी का खाल्ली न्हाई, त्ये मला त्याच दिशी कळायला पायजे हुतं. व्हय ना?"

 तिनं लेकीला फोन लावला आणि माझ्या हातात दिला. लेक म्हणाली, बोल आई. मी म्हणालो, आई नाही, मी आहे. मग बायकोसमोर, तिच्याकडे न बघता, सगळं पुन्हा सांगितलं. पलीकडून नातीचा आवाज येत होता, ती काहीतरी मागत होती.

"आईला सांगा, मी येतेय," लेक म्हणाली. "तुमच्याशी नंतर बोलते."

ती येऊन आता आठवडा झाला. चुलीजवळ दोघी हळू आवाजात बोलत असतात. मी आत गेलो की थांबतात. माझ्याशी अजून ती बोललेली नाही. माझं ताट बायको वाढून ठेवते, आणि पूर्वीसारखं माझ्याबरोबर न बसता, मी जेवून उठल्यावरच त्या दोघी जेवायला बसतात.