काकीची ओळ

आमच्या बंजारा तांड्यात नवरी सासरी निघताना ढावलो म्हणायची. एकेका नातलगाच्या गळ्यात पडायचं, त्यानं आपल्यासाठी काय केलं ते गाऊन सांगायचं आणि सांगता सांगता रडायचं. बाभुळगावजवळच्या आमच्या तांड्यातल्या साऱ्या मुलींना हे गाणं माझ्या काकीनं शिकवलेलं. लग्नाआधी पंधरा दिवस ती दुपारची नवरीला कडुनिंबाखाली घेऊन बसायची. बापासाठी, आईसाठी, भावासाठी, अगदी गोठ्यातल्या गाईसाठीही ओळी सांगायची. फक्त स्वतःसाठी सांगायची नाही. शिकवणारीची ओळ नवरीनं आपल्या मनानं रचायची, अशी रीत होती. काकीला मूलबाळ नव्हतं, काका कधीच गेलेले. त्या ओळीवाचून तिला दुसरी बिदागी नव्हती. कुठल्या पोरीनं आपल्यासाठी काय म्हटलं, हे मात्र तिला सगळं पाठ होतं.

मी यवतमाळला वसतिगृहात राहून मॅट्रिक झाले आणि मोठी शहाणी झाले. तिथं एकदा हौसेनं ढावलो म्हणून दाखवला, तर मुली पोट धरधरून हसल्या. “रडतेस की गातेस?” तेव्हापासून ते गाणंच मला नकोसं झालं. घरी आले तरी मी मराठीतच उत्तरं द्यायची, म्हणून काकी बिचारी आपली गोरबोली सोडून माझ्याशी वऱ्हाडीत बोलायची. इतका माझा तोरा! आज लिहितानाही कान तापतात.

महाराष्ट्र झाला त्याच्या पुढच्या उन्हाळ्यात माझं लग्न ठरलं. नवरा आमच्यातलाच, पण यवतमाळात मास्तर. काकीनं मलाही कडुनिंबाखाली बसवलं. मी नखं कुरतडत ऐकायची, तोंड उघडायची नाही.

“काहून वं, म्हणत काहून नाही?”

“येतं मला सगळं.”

“मंग माह्यासाठी काय म्हणशीन?” तिनं हसत विचारलं आणि लगेच जीभ चावली. असं विचारायचं नसतं.

“म्हणेन ना काहीतरी,” मी म्हटलं. मनात काहीच नव्हतं.

निघायच्या सकाळी मांडवात नवऱ्याच्या शाळेतले चार मास्तर पांढरे कपडे घालून बसले होते. त्यांना पाहिलं आणि माझं तोंड शिवल्यासारखं झालं. वडिलांनी मला पोटाशी धरलं. आई रडायची थांबून माझ्याकडे बघू लागली. नवरीनं बापाची ओळ म्हटली नाही, म्हणजे बापानं तिच्यासाठी काही केलंच नाही, असं लोक समजायचे.

तेवढ्यात काकी मागून आली. तिनं आपली ओढणी माझ्याही डोक्यावरून ओढली, माझ्या खांद्याशी तोंड आणलं आणि माझा आवाज काढून गायला लागली. वडिलांनी मला खांद्यावर बसवून नाल्याच्या पुरातून शाळेत नेलं होतं, ते तिनं गायलं. वडील हुंदके द्यायला लागले. मग आई, मग भाऊ. बाहेर बाया म्हणत होत्या, “शिकली तरी विसरली नाही.” मी ओढणीच्या आत कोरड्या डोळ्यांनी उभी होते.

सगळे झाले आणि काकीची पाळी आली. ओढणी बाजूला करून ती माझ्या समोर आली, माझ्या गळ्यात पडली. स्वतःचं कौतुक तिला स्वतःला गाता येणार नव्हतं. मांडव कान देऊन होता. एक मास्तर चक्क डोळे पुसत होता, म्हणजे कुणी हसेल ही भीतीही उरली नव्हती. कसलीही, वेडीवाकडी का होईना, एक ओळ मी म्हणायला हवी होती. मी मूग गिळून उभी राहिले.

काकीनं थोडी वाट पाहिली. मग माझी पाठ थोपटली आणि मास्तरांनाही कळावं म्हणून वऱ्हाडीत, मोठ्यानं म्हणाली, “बस झालं वं माय, किती गाशीन! घसा बसला पोरीचा.”

सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं. आणि मी गळ्याला हात लावून होकारार्थी मान हलवली.